आर्द-गालेनचं गवत

आर्द-गालेन हे एका मैदानाचं नाव. अर्थ साधाच, हिरवा प्रदेश. त्याच्या उत्तर टोकाला थांगोरोद्रिमची तीन शिखरं होती, राखेची आणि भट्टीतल्या मळीची रचलेली. त्यांच्या बुडाशी अंगबांद, म्हणजे मॉर्गॉथ या काळ्या शत्रूचा किल्ला. सूर्य पहिल्यांदा उगवला त्यानंतरच्या वर्षांत या मैदानावर गवत माजलं, आणि फिंगोल्फिन राजाचे घोडेस्वार त्या गवतावरून थेट शिखरांच्या सावलीपर्यंत जाऊ लागले. घोड्यांना चारा उत्तम मिळत होता.

हे सगळं टॉल्कीन यांच्या 'द सिल्मरिलियन'मध्ये आहे. लेखक 1973 मध्ये गेले. त्यांच्या मुलानं, क्रिस्टोफरनं, हस्तलिखितांच्या ढिगातून हे पुस्तक जुळवलं आणि ते 1977 मध्ये छापून आलं. मी ते पहिल्यांदा वाचलं तेव्हा कॉलेजात होते. लढायांची पानं भराभर वाचली, मधली पानं चाळली. आता वयाच्या चाळिशीत मी नेमकी ती मधली पानं वाचायला पुस्तक उघडते.

मधल्या पानांवर शांतता आहे. अंगबांदला नोल्दोरांनी, म्हणजे फिंगोल्फिनच्या कुळानं, जो वेढा घातला तो जवळजवळ चारशे वर्षं टिकला, आणि त्यातल्या शेवटच्या सुमारे दोनशे वर्षांना 'दीर्घ शांतता' असं नाव आहे. या दोनशे वर्षांबद्दल पुस्तक थेट काय सांगतं? सीमेवर किरकोळ चकमकी होत होत्या, बेलेरिआंदचा सगळा मुलूख संपन्न झाला, उत्तरेच्या फौजांच्या आडोशाला नोल्दोरांनी वाडे आणि मनोरे बांधले, कविता केल्या, इतिहास लिहिले, ज्ञानग्रंथ रचले. बस्स, इतकंच. एका परिच्छेदाचा ऐवज. त्या कवितांतली एकही ओळ आपल्यापर्यंत येत नाही. मला त्याची फार हळहळ वाटते, आणि म्हणून मी इकडच्या तिकडच्या वाक्यांतून त्या काळाचे तुकडे वेचत बसते.

ज्यांनी हे पुस्तक वाचलेलं नाही त्यांच्यासाठी थोडी मागची गोष्ट. नोल्दोर हे एल्फांचं, म्हणजे म्हातारपणानं न मरणाऱ्या लोकांचं, एक कुळ, हाताचे कसबी, मानानं तापट. त्यांचा राजा मारून मॉर्गॉथनं तीन रत्नं पळवली. राजाचा मोठा मुलगा फेआनोर, त्यानंच ती घडवलेली. त्यानं आणि त्याच्या सात मुलांनी भयंकर शपथ घेतली आणि सगळं कुळ मॉर्गॉथच्या मागावर निघालं. समुद्र ओलांडायला जहाजं हवी होती. ती द्यायला तेलेरी एल्फांनी नकार दिला, तेव्हा नोल्दोरांनी तेलेरींना बंदरातच कापून काढलं. मग फेआनोर आपल्या माणसांना घेऊन पलीकडे उतरला आणि त्यानं जहाजं जाळली. सावत्र भाऊ फिंगोल्फिन आणि त्याची माणसं मागेच राहिली. ती उत्तरेच्या बर्फावरून चालत आली. वाटेत अनेक दगावले. फिंगोल्फिनचा मुलगा तुर्गोन, त्याची बायको एलेन्वे त्या बर्फातच गेली.

म्हणजे वेढा घालायला जे एकत्र आले, ते एकमेकांचे हे असे देणेकरी होते. फेआनोर लवकरच मारला गेला. त्याचा थोरला मुलगा माएद्रोस यानं फिंगोल्फिनची माफी मागितली, राजपदावरचा हक्क सोडला, आणि नुकसानीची भरपाई म्हणून घोडे दिले. आर्द-गालेनवर चरणाऱ्या घोड्यांतले पुष्कळसे त्या घोड्यांच्या वंशातले. समुद्रापलीकडच्या देशातून, त्या जळालेल्या जहाजांतून आलेले. हे वाक्य पुस्तकात अगदी सहज येऊन जातं, पण मला त्यात सगळा तह दिसतो. भावकीतलं वैर कागदानं मिटत नाही. कुणीतरी दावणीची जनावरं सोडून आणून दुसऱ्याच्या दारात बांधावी लागतात.

सूर्य उगवल्यापासूनच्या विसाव्या वर्षी (सगळी सालं तिथूनच मोजलेली) फिंगोल्फिननं मोठी मेजवानी दिली. जागा इव्रिनच्या तळ्यांजवळ, नारोग नदीच्या उगमाशी. सगळीकडून लोक आले. फेआनोरच्या सात मुलांपैकी मात्र दोघेच, माएद्रोस आणि माग्लोर. दोरिआथचा राजा थिंगोल स्वतः आला नाही, त्यानं दोन माणसं पाठवली. या मेजवानीचं नाव 'पुनर्मीलन'. तिथे बोलणं बहुतेक सिंदारांच्या, म्हणजे स्थानिक एल्फांच्या भाषेत झालं. पाहुण्यांना ती पटकन आली होती, यजमानांना पाहुण्यांची जड जात होती. किती रोजचं आहे हे.

पण भाषेची गोष्ट इथे थांबत नाही. बंदरातल्या त्या कत्तलीची बातमी नोल्दोरांनी बरीच वर्षं दाबून ठेवली होती. ती अखेर थिंगोलच्या कानावर गेली, आणि मारलेले तेलेरी म्हणजे थिंगोलच्या सख्ख्या भावाची माणसं. त्यानं युद्ध पुकारलं नाही, कुणाला कायमचं हद्दपारही केलं नाही. त्यानं एकच हुकूम काढला, की माझ्या भाऊबंदांना मारणाऱ्यांची भाषा माझ्या कानांवर पडता कामा नये, माझ्या राज्यात ती कुणी उघडपणे बोलता कामा नये. सिंदारांनी तो देशभर पाळला. नोल्दोरांनी रोजच्या व्यवहारात सिंदारी धरली. त्यांची स्वतःची क्वेन्या भाषा सरदार मंडळींच्या आपसातल्या बोलण्यात आणि ग्रंथांत उरली.

मी बंगळुरात वाढले. घरात मराठी, जिन्यात कन्नड, शाळेत इंग्रजी. आमच्यावर कुणी बंदी घातली नव्हती, आणि त्या शहरानं आम्हाला मायेनंच वागवलं, तेव्हा तुलना मी अर्धीच करते. पण भाषा आत आत कशी सरकत जाते ते मी पाहिलंय. आधी ती गॅलरीतून हाक मारायची भाषा असते, मग जेवणाच्या टेबलाची, मग आजीच्या पत्रांची, मग आरतीची. माझ्या मुलीला 'सुखकर्ता' पाठ आहे. 'वाफाळलेला' म्हणजे काय, हे मात्र तिला सांगावं लागलं. त्यामुळे त्या दोनशे वर्षांत नोल्दोरांनी जे ग्रंथ लिहिले ते कुठल्या भाषेत लिहिले असतील, हा प्रश्न माझ्यासाठी नुसता कुतूहलाचा नाही. जी भाषा रस्त्यावर बोलायची सोय उरली नव्हती, तिच्यात कुणीतरी रात्री दिव्याशी बसून ओळ जुळवली असेल. तिच्यातला कुठला शब्द आपल्या मुलाला कळेल आणि कुठला नाही, याचा अंदाज घेत जुळवली असेल.

वेढा म्हणावा तर तो पुरता नव्हताच. अंगबांदच्या मागे लोखंडी पर्वतांची रांग आणि त्यापलीकडे बर्फ. तिकडून फास आवळणं शक्य नव्हतं. शत्रूला कोंडता आलं, संपवता आलं नाही. साधारण 155 साली मॉर्गॉथची एक फौज उत्तरेच्या बर्फातून वळसा घालून समुद्राच्या खाडीपर्यंत आली, ती फिंगोल्फिनचा मुलगा फिंगोन यानं बुडवली. 260 च्या सुमारास किल्ल्यातून ग्लाउरुंग बाहेर पडला, पहिला अग्निसर्प. अजून अर्धवट वाढलेला. फिंगोनच्या घोडेस्वार तिरंदाजांनी त्याला घेरलं, कोवळ्या खवल्यांना बाण सोसेनात, तो परत पळाला. लोकांनी जल्लोष केला. त्यानंतरचा काळ म्हणजे दीर्घ शांतता. एक प्राणी पुरता वाढायला जितका वेळ लागतो तितकी ती चालणार होती, हे त्यातल्या फार थोड्यांना सुचलं.

आणि वेढ्याच्या सगळ्या काळात काय काय उभं राहिलं. थिंगोलचं मेनेग्रोथ, हजार गुहांचं नगर, जुनंच होतं. एल्फ आणि बुटके ड्वार्फ यांनी मिळून कोरलेलं. फिंगोल्फिनचा पुतण्या फिनरोद तिथे पाहुणा म्हणून गेला आणि ते पाहून त्याच्या मनानं घेतलं, की आपणही असंच काही करावं. नारोगच्या काठच्या गुहा थिंगोलनंच त्याला सांगितल्या. ड्वार्फांनी येऊन काम केलं, भरपूर मोबदला घेतला, आणि फिनरोदला 'फेलागुंद', गुहा कोरणारा, असं नाव दिलं. नार्गोथ्रोंद पुरं झालं तेव्हा तिथे मेजवानी झाली. बहीण गालाद्रिएल आली होती. तिनं विचारलं, दादा, तू लग्न का केलं नाहीस? फिनरोद म्हणाला, मलाही एक शपथ घ्यावी लागणार आहे, ती पाळायला मोकळा असायला हवा, आणि मुलाच्या वाट्याला यावं असं माझ्या राज्यातलं काहीही उरणार नाही. वास्तुशांतीच्या जेवणात यजमान हे बोलतो. सुतार, गवंडी, सोनार अजून दालनांत असतील. त्याला सगळं दिसत होतं, तरी त्यानं खांब नीट तासून घेतले, दालनं सजवली. या माणसावर माझा फार जीव आहे.

तुर्गोनची गोष्ट वेगळी आहे आणि तिच्याबद्दल माझं मत वर्षांनुवर्षं बदलत आलंय. जलदेव उल्मोनं त्याला पर्वतांच्या कड्यात लपलेलं एक खोरं दाखवलं. तिथे 52 वर्षं गुपचूप खपून त्यानं गोन्दोलिन उभारलं, समुद्रापार सोडून आलेल्या आपल्या गावाच्या आठवणीवर. राजवाड्यात त्यानं सोन्याचं आणि रुप्याचं अशी दोन झाडं स्वतःच्या हातानं घडवली, मूळ देशातल्या, मॉर्गॉथनं मारलेल्या दोन प्रकाशवृक्षांची. मग फिंगोल्फिनच्या प्रजेतला एक तृतीयांश भाग आणि त्याहून जास्त सिंदार त्याच्यामागे तुकड्यातुकड्यांनी निघून गेले, आणि साडेतीनशे वर्षांहून अधिक काळ ते बाहेर पडले नाहीत. विशीत मला गोन्दोलिन म्हणजे सौंदर्याची कमाल वाटायची. आता मला तो एक तृतीयांश आकडा टोचतो. तेवढी माणसं पहाऱ्यावर कमी झाली. त्यांच्या जागी कुणीतरी दुप्पट रात्री जागलं असेल. मात्र ज्यानं बायकोला बर्फात हरवलं आणि पोरीला घेऊन पुढे चालत राहिला, त्यानं चारी बाजूंनी बंद असलेली जागा शोधली, यात त्याला दोष द्यायला मन धजत नाही.

याच काळात माणसं आली. आपण. पूर्वेचे डोंगर ओलांडून, मागच्या कुठल्यातरी अंधाराबद्दल बोलायला नाखूश. फिनरोद शिकारीवर असताना एकटाच भटकत गेला आणि त्याला दरीत शेकोट्या दिसल्या. ती बेओरची माणसं होती. सगळे झोपेपर्यंत तो झाडीत थांबला. मग विझत्या शेकोटीशी गेला, बेओरनं बाजूला ठेवलेली ओबडधोबड वीणा उचलली आणि वाजवू लागला. माणसं जागी झाली. प्रत्येकाला वाटलं आपण स्वप्नात आहोत, शेजारचाही जागा आहे हे दिसेपर्यंत. पहाऱ्यावर कुणीच नव्हतं, आणि जो आला तो वीणा वाजवणारा निघाला. संपूर्ण पुस्तकात शांततेचं याहून मोठं चित्र मला सापडलेलं नाही.

बेओर फिनरोदबरोबर गेला आणि 44 वर्षं त्याच्याजवळ राहिला. त्र्याण्णवाव्या वर्षी वारला. जखम नाही, दुःख नाही, नुसतं वय झालं म्हणून. एल्फांनी म्हातारपणाचा मृत्यू त्या दिवशी पहिल्यांदा पाहिला. सुमारे तीनशे वर्षं शत्रूच्या दारात बसलेल्या लोकांना मृत्यू चांगला ठाऊक होता, पण तो असा पलंगावर, कुणी न मारता येतो हे त्यांना ठाऊक नव्हतं.

आता आएग्नोरबद्दल. फिनरोदचा धाकटा भाऊ. आंग्रोद आणि आएग्नोर हे दोघे भाऊ दोरथोनिओनच्या उत्तर उतारावर राहायचे. पाइनची जंगलं, उघडे खडक, वस्ती विरळ, आणि समोर आर्द-गालेन. त्यांच्या खिडकीतून थांगोरोद्रिम दिसायचा. आंद्रेथ ही बेओरच्या वंशातली मानवी मुलगी, ज्ञानी म्हणून पुढे नाव झालेली. आएलुइन तळ्याच्या काठी दोघांची मनं जुळली. आएग्नोर तिला सोडून गेला. कित्येक वर्षांनी, ती अठ्ठेचाळीस वर्षांची झाल्यावर, फिनरोद तिच्याशी बोलत बसतो आणि ती कडवटपणे विचारते, का? तो जी कारणं देतो त्यात एक असं आहे, की हा युद्धाचा काळ आहे, आणि अशा काळात एल्फ लग्न करत नाहीत, मुलं होऊ देत नाहीत. हा संवाद 'सिल्मरिलियन'मध्ये नाही. तो 1993 मध्ये क्रिस्टोफरनं संपादित केलेल्या कागदपत्रांच्या एका खंडात आला.

मी ते वाचून सालं ताडून पाहिली. हे बोलणं 409 च्या सुमाराचं. म्हणजे ऐन दीर्घ शांततेतलं. दक्षिणेला ग्रंथ लिहिले जात होते, दालनं सजत होती, आणि आएग्नोरच्या लेखी हा युद्धाचा काळ होता. तो फक्त उत्तरेकडे राहत होता. आंद्रेथचं तारुण्य असं एका भूगोलापायी गेलं. आएग्नोरनंही कुणाशी लग्न केलं नाही. शांततेची किंमत कुणी भरली असं मला कुणी विचारलं, तर मी सरदारांची नावं घेण्याआधी हिचं नाव घेईन.

पुढे फिंगोल्फिननं विचार मांडला, की आपण आता पुष्कळ आहोत, माणसांची कुळंही सोबत आहेत, तेव्हा अंगबांदवर चाल करून जाऊ. बहुतेक कुणाला पटलं नाही. जमीन सुंदर होती, राज्यं ऐसपैस होती, आणि जिंकलो तरी हरलो तरी पुष्कळ मरणार हे उघड होतं. राजाच्या बाजूनं दोघेच उभे राहिले, आंग्रोद आणि आएग्नोर. विचार बारगळला.

मी त्या बैठकीत असते तर? प्रामाणिकपणे सांगते, मी नाहीच म्हटलं असतं. माझं अंगण, माझी चूल, माझ्या मुलीचं गाणं शिकणं, एवढं पुढ्यात असताना 'चला' म्हणणाऱ्याचं मी ऐकलं नसतं. पुस्तकही सांगतं, की नोल्दोरांच्या एकट्याच्या बळावर ते युद्ध जिंकणं मुळात शक्यच नव्हतं. त्यामुळे त्यांच्या नकाराला मी चूक म्हणू शकत नाही. एक गोष्ट मात्र करायला हवी होती. त्या दोघा भावांच्या घरी जाऊन, त्यांच्या खिडकीशी एक रात्र काढायला हवी होती.

टॉल्कीन स्वतः 1916 मध्ये सोमच्या लढाईत होते. जवळचे मित्र त्या युद्धात गेले. खंदकातल्या उवांमुळे होणाऱ्या तापानं ते आजारी पडून इंग्लंडला परतले, आणि त्या आजारपणाच्या दिवसांत जी पहिली मोठी गोष्ट त्यांनी लिहिली ती गोन्दोलिनच्या पाडावाची. नगर पडलं कसं ते आधी लिहिलं गेलं. ते नांदलं कसं, हे नंतर.

आणि 1930 च्या दशकात त्यांनी या जगाची सनावळी मांडायला घेतली. पहिल्या मसुद्यात वेढा फुटण्याचं साल आहे 155. पुढच्या मसुद्यात ते झालं 255. मग त्यावर दुरुस्ती करून 455. दर वेळी घटना त्याच, शेवट तोच. वाढलं ते मधलं अंतर. मी हे आकडे पाहिले तेव्हा बराच वेळ पान उलटलं नाही. माणसांच्या पिढ्या बसवायला जागा लागते, वंशावळी जुळवायच्या असतात, हे सगळं मान्य. तरीही ज्यानं एक युद्ध पाहिलं होतं आणि ज्याच्या देशावर दुसरं येत होतं, त्यानं आपल्या कागदावरच्या लोकांना आधी शंभर आणि मग आणखी दोनशे वर्षं दिली, हे मला विसरता येत नाही. त्या वर्षांत भरायला त्याच्याकडे प्रसंग फारसे नव्हते. त्यानं नुसती वर्षं दिली.

455 चा हिवाळा. अमावास्येसारखी काळी रात्र. टेहळणीच्या शेकोट्या मंदावल्या होत्या, पहारेकरी थोडे होते, मैदानावरच्या घोडेस्वारांच्या तळांत जागे असलेले त्याहून थोडे. थांगोरोद्रिममधून आगीचे लोट नदीसारखे खाली आले. जे मैदानावर होते त्यांतल्या बहुतेकांना टेकड्यांपर्यंत पोचता आलं नाही. आगीच्या पुढे पुरता वाढलेला ग्लाउरुंग होता. आंग्रोद पडला, आएग्नोर पडला. आर्द-गालेनचं गवत गेलं आणि नावही गेलं. त्यानंतर त्या जागेला 'घुसमटवणारी धूळ' म्हणू लागले.

फिंगोल्फिन एकटा घोड्यावर बसून त्या धुळीतून अंगबांदच्या दाराशी गेला आणि त्यानं मॉर्गॉथला बाहेर बोलावलं. सात वेळा घायाळ केलं, अखेरीस मारला गेला. गरुडांच्या राजानं त्याचं प्रेत उचललं आणि एका शिखरावर नेऊन ठेवलं, जिथून खाली गोन्दोलिनचं खोरं दिसतं. मुलाचं नगर वडिलांनी जिवंतपणी पाहिलं नव्हतं. तुर्गोन वर गेला आणि त्यानं स्वतः दगड रचले.

सतरा वर्षांनी आणखी एक लढाई झाली, याहून मोठी आणि याहून वाईट. या वेळी तुर्गोन बाहेर पडला होता, दहा हजारांनिशी. हरल्यावर ओर्कांनी मॉर्गॉथच्या हुकमावरून सगळी प्रेतं, चिलखतं आणि हत्यारं गोळा करून त्या धुळीच्या मधोमध त्यांची टेकडी रचली, लांबून दिसेल अशी. त्या टेकडीवर पुढे गवत उगवलं, उंच आणि हिरवं. सगळ्या ओसाड मैदानात फक्त तिथे.